गोव्यात मद्यविक्रीचा परवाना काढताना: जागा पाहण्यापासून पहिला माल लावेपर्यंतचा क्रम

मद्यविक्रीचा परवाना रखडला की अर्जदार अबकारी ठाण्याच्या पायऱ्या झिजवू लागतो. असे रखडलेले अर्ज घेऊन लोक माझ्याकडे येतात. फाइल उघडली की अडचण बहुधा घरपट्टीची पावती, एक-चौदाचा उतारा (जमिनीच्या हक्काची नोंद असलेला गोव्यातला उतारा) किंवा भाडेकरार यांपैकी एखाद्या कागदात सापडते. तोपर्यंत जागेचे भाडे सुरू झालेले असते, काउंटर बसलेला असतो, फ्रीज आलेले असतात आणि मालकाकडे दिलेली अनामत रक्कम अडकलेली असते. अर्जदार प्रामाणिक असतो, पैसेही त्याने कष्टाने उभे केलेले असतात. चुकलेला असतो तो क्रम. आधी परवान्याचा प्रकार, मग जागेची पारख, मग कागद, मग पंचायत आणि त्यानंतर अर्ज, अशी वाट धरली तर नकार येणार असेल तर तो खर्च होण्याआधी कळतो.

पुढील टप्पे किरकोळ विक्रीसाठी आहेत: वाइन शॉप, बार अँड रेस्टॉरंट आणि गावातले छोटे तावेर्न. हे सर्व परवाने १९६४ चा अबकारी शुल्क कायदा आणि त्याखालील नियम यांच्या आधारे अबकारी खाते देते. घाऊक विक्री आणि मद्यनिर्मिती यांच्या अटी वेगळ्या असल्याने त्या येथे घेतलेल्या नाहीत.

## टप्पा १: कोणता परवाना, आणि कोणाच्या नावावर

स्वतःला दोन प्रश्न विचारावेत. आपण काय विकणार, आणि गिऱ्हाईक ते कोठे पिणार? व्हिस्की, रम, बिअर यांसारखे भारतीय बनावटीचे विदेशी मद्य आणि फेणी, हुर्राक यांसारखे देशी मद्य यांची नोंद परवान्यात वेगवेगळी होते. त्याचप्रमाणे सीलबंद बाटली विकून गिऱ्हाइकाला घरी पाठवणे आणि त्याला तेथेच पेला भरून देणे या कायद्याच्या दृष्टीने दोन निराळ्या गोष्टी आहेत.

येथे होणारी नेहमीची चूक म्हणजे सीलबंद विक्रीचा परवाना घेऊन दुकानाच्या मागच्या बाजूला चार प्लास्टिकच्या खुर्च्या टाकणे. सुरुवातीला हे "ओळखीच्या माणसांपुरते" असते. तपासणीला आलेल्या अधिकाऱ्याला मात्र टेबलावरचा उघडा पेला दिसतो, आणि तो परवान्याच्या अटींचा सरळ भंग ठरतो. बसून पिण्याची सोय कधी ना कधी करायची असेल तर पहिल्याच दिवशी तसा परवाना मागावा. जागेची मांडणी, स्वच्छतागृह आणि स्वयंपाकघर यांचा विचार त्यामुळे वेळेत होतो.

लग्न, वाढदिवस किंवा एखाद्या दिवसाच्या कार्यक्रमासाठी कायमचा परवाना लागत नाही; त्यासाठी प्रासंगिक परवाना असतो आणि तो कार्यक्रमाच्या आधी घ्यावा लागतो. हॉलचा परवाना आपल्या कार्यक्रमाला लागू होतो का, हे हॉलवाल्याच्या तोंडी शब्दावर सोडू नये, परवान्याची प्रत पाहावी. किनाऱ्यावरच्या शॅकचे प्रकरण तर पूर्ण वेगळे आहे. तेथे पर्यटन खात्याने शॅक दिल्यानंतर आणि किनारपट्टी नियमनाच्या परवानग्या मिळाल्यानंतरच हंगामापुरता अबकारी परवाना मिळतो. वाटप होण्यापूर्वी मालाची ऑर्डर देणे धोक्याचे आहे.

आता नाव. जो माणूस प्रत्यक्ष धंदा करणार आहे त्याच्याच नावाने अर्ज करावा. भागीदारी असेल तर भागीदारीचा करार, कंपनी असेल तर संचालक मंडळाचा ठराव आणि सही करणाऱ्याचे अधिकारपत्र आधी तयार करावे. गोव्यातील वास्तव्याचा पुरावा मागितला जात असल्यामुळे स्थानिक माणसाच्या नावावर परवाना काढायचा आणि धंदा दुसऱ्यानेच चालवायचा, असा प्रकार किनारपट्टीत सर्रास चालतो.

इशारा: परवाना ही भाड्याने देण्याची वस्तू नाही. दरमहा ठरावीक रक्कम मिळते म्हणून आपले नाव दुसऱ्याला वापरू देणाऱ्याने लक्षात ठेवावे की अल्पवयीन मुलाला दारू विकली गेली, बेकायदा माल सापडला किंवा कर थकला, तर नोटीस परवान्यावरच्या नावाने येते. असे करार करून फसलेली साधी, वयस्कर माणसे मी पाहिली आहेत. काउंटरवर काय चालले आहे याची त्यांना कल्पनाही नसते, आणि निलंबनाचा आदेश मात्र त्यांच्या घरच्या पत्त्यावर येतो.

## टप्पा २: भाडेकरारापूर्वी जागेची पारख

या टप्प्याला सगळ्यांत जास्त वेळ द्यावा. जागेत दोष असेल तर पुढचे कोणतेही कागद तो झाकू शकत नाहीत.

पहिली गोष्ट अंतर. शैक्षणिक संस्था आणि धार्मिक स्थळे यांच्यापासून १०० मीटरच्या आत मद्यविक्रीच्या परवान्यावर नियमांत निर्बंध आहे. शाळा, देऊळ, चर्च, मशीद डोळ्यांना दिसतात. नजरेतून सुटते ती मागच्या गल्लीतली बालवाडी, पहिल्या मजल्यावरचे छोटे विद्यालय किंवा वाड्यावरचे कपेल, म्हणजे छोटे चर्च. स्वतः टेप घेऊन मोजावे. दुकानाच्या दरवाजापासून त्या संस्थेच्या फाटकापर्यंत पायवाटेने किती आणि सरळ रेषेत किती, अशी दोन्ही मापे वहीत लिहावीत. दोन्ही मापे १०० मीटरच्या बाहेर असतील तर जागा निर्धास्त समजावी. एक आत आणि एक बाहेर असेल तर करार करण्याआधी तालुक्याच्या अबकारी ठाण्यात जाऊन निरीक्षकांना विचारावे. रस्त्याकडेचा खुरीस (क्रूस) किंवा घुमटी (छोटे देवस्थान) जवळ असेल तर तीही नकाशावर दाखवावी. पाहणीत ती दिसणारच असते, आणि अर्जदाराने लपवल्याचा ग्रह झाला की बाकीच्या कागदांकडेही संशयाने पाहिले जाते.

दुसरी गोष्ट महामार्ग. सर्वोच्च न्यायालयाने १५ डिसेंबर २०१६ रोजी राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांच्या बाहेरच्या कडेपासून ५०० मीटरच्या आत मद्यविक्रीला बंदी घातली. ३१ मार्च २०१७ रोजी २०,००० किंवा त्याहून कमी लोकवस्तीच्या स्थानिक संस्थांच्या हद्दीत हे अंतर २२० मीटर केले गेले. त्यानंतर ११ जुलै २०१७ रोजी पालिका क्षेत्रांना हा आदेश लागू नसल्याचे स्पष्ट झाले, आणि २३ फेब्रुवारी २०१८ च्या आदेशाने अशीच सूट पंचायत क्षेत्रातील कोणत्या भागांना द्यायची हे ठरवणे राज्यांवर सोपवले गेले. पत्रादेवीपासून पोळेपर्यंत जाणारा राष्ट्रीय महामार्ग ६६ राज्याच्या पार एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जातो, त्यामुळे गोव्यात हा प्रश्न वारंवार येतो. शेजारच्या दुकानाला परवाना आहे म्हणून आपल्यालाही मिळेल, हा तर्क येथे चालत नाही. शेजाऱ्याचा परवाना जुना असू शकतो, त्याची हद्द वेगळी असू शकते. आपला सर्व्हे क्रमांक घेऊन खात्याकडे लेखी विचारणा करावी.

तिसरी गोष्ट बांधकाम. घरपट्टी भरली जाते म्हणून बांधकाम कायदेशीर ठरत नाही, हे वाक्य मी रोज कोणाला ना कोणाला सांगतो. पंचायत घरपट्टी वसूल करते, त्याचा बांधकाम परवान्याशी संबंध असेलच असे नाही. इमारतीचा भोगवटा दाखला मागावा आणि त्यात ती जागा व्यापारी म्हणून दाखवली आहे की निवासी, ते वाचावे. भरती-रेषेजवळची किंवा खाडीकाठची जागा असेल तर किनारपट्टी नियमन क्षेत्राचा प्रश्न वेगळा उभा राहतो. जुन्या घराला पुढे पत्र्याची शेड जोडून केलेला बार बाहेरून नीटनेटका दिसतो, परंतु मंजूर आराखड्यात ती शेड नसेल तर परवाना देणाऱ्या प्रत्येक कार्यालयात तोच प्रश्न विचारला जातो.

तपासा: मालकाने भोगवटा दाखल्याची प्रत देण्यास टाळाटाळ केली तर अनामत देऊ नये. भाडेकरारात "अबकारी परवाना नाकारला गेल्यास अनामत पूर्ण परत" हे कलम लिहून घ्यावे.

## टप्पा ३: कागद एका ओळीत आणणे

आता सर्व कागद टेबलावर मांडावेत आणि कोणत्याही कार्यालयात जाण्याआधी ते एकमेकांशी ताडून पाहावेत. ओळखीचा व वयाचा पुरावा, पॅन, मामलेदार कार्यालयाचा रहिवासी दाखला, छायाचित्रे, जागेचा एक-चौदाचा उतारा किंवा शहरी भागात सिटी सर्व्हेचा फॉर्म डी, सर्व्हेचा नकाशा, चालू वर्षाची घरपट्टीची पावती, भोगवटा दाखला, भाडेकरार, मालकाचा ना हरकत दाखला आणि प्रतिज्ञापत्र हा नेहमीचा संच होय.

प्रत्येक कागदावरच्या तीन गोष्टी लाल पेनने अधोरेखित कराव्यात: व्यक्तीचे नाव, घर क्रमांक आणि सर्व्हे क्रमांक. अलीकडेच डिचोलीकडच्या एका तरुणाची फाइल माझ्यासमोर होती. उताऱ्यावर आजोबांचे नाव, घरपट्टीच्या पावतीवर काकांचे, करारावर वडिलांचे, आणि आडनाव एका ठिकाणी "नाईक" तर दुसऱ्या ठिकाणी पोर्तुगीज वळणाने लिहिलेले. पावतीवरचा घर क्रमांक जुना होता. पंचायतीने मध्यंतरी क्रमांक बदलले होते. तिन्ही कागद खरे होते, पण ते एकाच घराचे आहेत हे सिद्ध करणारा चौथा कागद नव्हता. पंचायतीकडून जुना आणि नवा घर क्रमांक एकच असल्याचा दाखला आणि नावातील फरकाबद्दल प्रतिज्ञापत्र जोडल्यावर ते प्रकरण पुढे सरकले. हे काम अर्जापूर्वी केले असते तर त्याचे महिने वाचले असते.

मालकाच्या संमतीबाबत गोव्यात विशेष जपावे लागते. येथील नागरी कायद्यानुसार विवाहापूर्वी वेगळा करार केलेला नसेल तर पती-पत्नीची मालमत्ता सामाईक धरली जाते. वडिलोपार्जित घराची वाटणी झालेली नसेल, इन्व्हेंटरी प्रक्रिया (वारसांत मालमत्ता वाटण्याची न्यायालयीन प्रक्रिया) पूर्ण झालेली नसेल, तर सर्व वारस आणि त्यांचे जोडीदार सहमालक असतात. एकट्या थोरल्या भावाची सही घेऊन केलेला भाडेकरार आज चालतो. उद्या मुंबईत किंवा पोर्तुगालमध्ये राहणाऱ्या बहिणीने हरकत अर्ज टाकला की परवान्याची फाइल थांबते. म्हणून सर्व सहमालकांचा ना हरकत दाखला, जोडीदारांच्या सह्यांसह घ्यावा. परदेशात असलेल्याकडून मुखत्यारपत्र मागवायला वेळ लागतो, त्यामुळे हे काम सर्वांत आधी सुरू करावे. जमीन कोमुनिदादीची (गावकरी संस्थेच्या सामूहिक मालकीची) असेल किंवा घर मुंडकाराचे (दुसऱ्याच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याचे) असेल तर वकिलाला दाखवल्याशिवाय पुढे जाऊ नये.

## टप्पा ४: पंचायत किंवा पालिकेचा ना हरकत दाखला

स्थानिक संस्थेचा ना हरकत दाखला हा किरकोळ परवान्यातला सगळ्यांत अनिश्चित भाग आहे, आणि तो गृहीत धरल्यामुळे होणारे नुकसान मोठे असते. पंचायतीत अर्ज दिल्यावर आवक क्रमांक आणि तारीख असलेली पोच घ्यावी. अर्ज पंचायत मंडळाच्या बैठकीत येतो, ठराव होतो, आणि मगच सचिव दाखला देतात. सरपंचांनी घरी तोंडी "करूया" म्हटले तरी ठराव झालेला नसतो, हे ध्यानात असू द्यावे.

गावकऱ्यांना आधी विश्वासात घ्यावे. शेजारच्या चार घरांत स्वतः जाऊन वेळा, गाड्या कोठे लागतील, संगीत वाजणार की नाही, रिकाम्या बाटल्यांचे काय करणार हे सांगितले तर निम्म्या हरकती उठतच नाहीत. शाळेत जाणाऱ्या मुलींच्या वाटेवर बार नको, असे कोणी ग्रामसभेत म्हणाले तर त्यात चुकीचे काही नाही. त्यावर उत्तर देण्याची तयारी अर्जदाराची असली पाहिजे, आणि उत्तर नसेल तर जागा बदलण्याचीही.

तपासा: मिळालेल्या दाखल्यावर धंद्याचा प्रकार नेमका लिहिलेला आहे का ते पाहावे. "दुकानासाठी" किंवा "रेस्टॉरंटसाठी" एवढेच लिहिले असेल तर तो अबकारी अर्जाला पुरत नाही. मद्यविक्रीचा आणि जागेवर पिण्याचा स्पष्ट उल्लेख हवा. ठराव क्रमांक व तारीखही त्यात असावी. स्थानिक संस्थेचा व्यापार परवाना हा आणखी वेगळा कागद आहे.

## टप्पा ५: सोबतच्या परवानग्या आणि कर

या परवानग्या एकामागून एक न काढता समांतर सुरू कराव्यात. मद्य हे अन्न सुरक्षा कायद्याखालीही येते, म्हणून नुसते वाइन शॉप असले तरी एफएसएसएआयची (केंद्राच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाची) नोंदणी किंवा परवाना लागतो. गोव्यात हे काम अन्न व औषध प्रशासनाकडे होते. स्वयंपाकघर असेल तर प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती घ्यावी लागते.

अग्निसुरक्षेविषयी थोडे थांबून सांगतो. ६ डिसेंबर २०२५ च्या रात्री हडफडे येथील नाइट क्लबला लागलेल्या आगीत २५ जणांचा जीव गेला. अग्निशामक दलाचा दाखला हा फाइलमध्ये लावायचा कागद समजू नये. बाहेर पडण्याचे दोन मार्ग, बाहेरच्या बाजूला उघडणारे दरवाजे, वाटेत न ठेवलेले बिअरचे क्रेट, गॅस सिलिंडर बाहेर हवेशीर जागी, छताला ज्वलनशील सजावट नाही, एवढे तरी आपल्या जागेत आहे का, हे मालकाने स्वतः पाहावे.

कराच्या बाबतीत एक गैरसमज कायम आढळतो. पिण्याच्या मद्यावर जीएसटी लागत नाही, त्याचा हिशेब मूल्यवर्धित कराच्या कायद्याखाली राहतो. जेवण, शीतपेये आणि सेवा यांना मात्र जीएसटी लागतो. त्यामुळे बार अँड रेस्टॉरंटच्या बिलात दोन भाग वेगळे दिसले पाहिजेत, आणि बिलिंग मशीन घेतानाच तशी रचना करून घ्यावी. आणखी एक: मद्य विकणाऱ्या रेस्टॉरंटला जीएसटीची कंपोझिशन योजना (छोट्या व्यावसायिकाने उलाढालीवर ठरावीक दराने कर भरण्याची सवलत) घेता येत नाही, कारण जीएसटीबाहेरच्या वस्तू विकणारा त्या योजनेस पात्र ठरत नाही. जेवणाचे छोटे हॉटेल चालवणारा पुढे बार सुरू करतो तेव्हा ही गोष्ट हमखास राहून जाते.

## टप्पा ६: अर्ज भरणे

अर्ज गोवा ऑनलाइन पोर्टलवर भरता येतो. भरण्यापूर्वी सर्व कागद सरळ, पूर्ण पानात आणि वाचता येतील असे स्कॅन करावेत. मोबाइलवर तिरपे काढलेले फोटो, ज्यात शिक्का अर्धा कापला गेला आहे, हे अर्ज परत येण्याचे अगदी क्षुल्लक पण नित्याचे कारण आहे. अर्जातील पत्ता भाडेकरारातल्या शब्दांशी अक्षरशः जुळवावा: वाडा, घर क्रमांक, सर्व्हे व उपविभाग क्रमांक, गाव, तालुका.

जागेचा नकाशा हाताने काढलेला असला तरी चालेल, पण मापे खरी असावीत. काउंटर, माल ठेवण्याची खोली, बसण्याची जागा, स्वच्छतागृह, सर्व दरवाजे आणि राहत्या घरात उघडणारे दार असल्यास तेही दाखवावे. परवाना नकाशातल्या जागेपुरता असतो. पुढे अंगणात टेबले मांडायची असतील तर ते अंगण आजच नकाशात असले पाहिजे.

अर्ज क्रमांक लिहून ठेवावा, आणि शेरा आला की त्याच शेऱ्याचे उत्तर द्यावे. घाबरून दुसरा नवा अर्ज टाकल्याने गोंधळ वाढतो.

## टप्पा ७: पाहणी

अर्ज तालुक्याच्या अबकारी निरीक्षकांकडे पाहणीसाठी जातो. पाहणीच्या दिवशी अर्जदाराने स्वतः हजर राहावे आणि मूळ कागदांची फाइल हाताशी ठेवावी. निरीक्षक दारात उभे राहून आधी रस्त्याकडे पाहतात: शाळा कोठे, देऊळ कोठे, महामार्ग किती लांब. मग आत येऊन नकाशा उघडतात आणि दरवाजे मोजतात. नकाशात दोन दरवाजे आणि भिंतीत तीन, एवढ्यावरून अहवाल थांबलेला मी पाहिला आहे. तिसरा दरवाजा सुताराने वाऱ्यासाठी काढला होता.

इशारा: पाहणीच्या वेळी जागेत विक्रीचा माल असता कामा नये. "परवाना येतोच आहे" म्हणून आणून ठेवलेली दहा खोकी ही परवान्याविना केलेला साठा ठरतात, आणि अर्जदार गुन्ह्याच्या नोंदीत जातो.

## टप्पा ८: शुल्क, परवाना आणि पहिला माल

मंजुरीनंतर शुल्काचे चलन निघते. शुल्काचे दर राजपत्रातील अधिसूचनेने बदलतात, म्हणून मित्राने गेल्या वर्षी किती भरले यावर अंदाज न बांधता चालू अधिसूचना पाहावी. परवाना हातात आल्यावर लगेच वाचावा. नावातली वेलांटी, घर क्रमांक, मद्याचा प्रकार, विक्रीचा प्रकार आणि मुदत यांत चूक असेल तर त्याच आठवड्यात दुरुस्ती मागावी. नंतर तीच चूक प्रत्येक नूतनीकरणात पुढे सरकते.

माल फक्त गोव्यातील परवानाधारक घाऊक विक्रेत्याकडून, बिलासह घ्यावा. फेणीच्या बाबतीत हा नियम जास्त मोडला जातो, कारण ती ओळखीच्या भट्टीवरून कॅनमध्ये येते. ती कितीही अस्सल असली तरी तिचा कागद नसेल तर दुकानात ठेवू नये. साठ्याची नोंदवही पहिल्या दिवसापासून, रोजची रोज लिहावी. परवाना दर्शनी भागात लावावा. २१ वर्षांखालील व्यक्तीला मद्य विकता येत नाही, हे काउंटरवरच्या मुलाला केवळ सांगून भागणार नाही. शंका आल्यास ओळखपत्र मागण्याचा अधिकार त्याला आहे आणि गिऱ्हाईक चिडले तरी मालक त्याच्या पाठीशी उभा राहील, अशी त्याला खात्री हवी.

## टप्पा ९: परवाना टिकवणे

परवान्याचे वर्ष १ एप्रिल ते ३१ मार्च असते. फेब्रुवारीत कोणी अर्ज मंजूर करून घेतला तर एप्रिलपूर्वीच नूतनीकरण दारात येते, त्याचे पैसे बाजूला ठेवावेत. नूतनीकरणाच्या वेळी घरपट्टी, भाडेकरार आणि एफएसएसएआय यांची मुदत संपलेली नसावी. करार मार्चमध्ये संपत असेल तर जानेवारीतच मालकाशी बोलावे.

मतदान संपण्याच्या ठरलेल्या वेळेआधीच्या ४८ तासांत आणि मतमोजणीच्या दिवशी विक्री बंद ठेवावी लागते. असे आदेश अबकारी खाते आणि जिल्हाधिकारी काढतात. पंचायत निवडणुकीतही कोरड्या दिवसांचे आदेश निघतात, ते विसरले जातात. उघड्यावर ध्वनिक्षेपक रात्री १० ते सकाळी ६ बंद ठेवावा.

जागा बदलणे, भागीदार येणे किंवा जाणे, बसण्याची जागा वाढवणे या प्रत्येक बदलाला आधी मंजुरी लागते. परवानाधारकाचे निधन झाल्यास धंदा आपोआप मुलाकडे जात नाही. दुःखाच्या दिवसांत हे सुचत नाही, आणि दुकान जुन्याच परवान्यावर चालू राहते. अशा वेळी कुटुंबातील एकाने मृत्यूच्या दाखल्याची प्रत जोडून अबकारी ठाण्यात लेखी कळवावे, वारसाच्या नावाने अर्ज करण्याबाबत विचारावे, बाकीच्या वारसांच्या ना हरकत सह्या गोळा कराव्यात आणि लेखी उत्तर येईपर्यंत शटर उघडू नये.